समुद्र कोणत्या कानात

दोन्या एदुविनाचं घर आम्ही ओढत नेलं
तेव्हा माझं वय सोळा,
आणि आमच्या दोन्ही बैलांचं मिळून पंधरा.

खालचा कडा दर हिवाळ्यात हातभर खचत होता.
एका रात्रीत कोंबड्यांचं खुराडं गेलं, तेव्हा म्हातारी म्हणाली,
पुढचा नंबर चुलीचा.
चिलोएत घर मागे टाकून कुणी जात नाही.
लाकडाचं असतं, बरोबर येतं.

गावाला निरोप गेला. या कामाचे पैसे नसतात,
जेवण असतं: खड्ड्यातल्या तापल्या दगडांवर
शिंपले, डुकराचं मांस, बटाटे,
वरून छत्रीएवढी पानं झाकलेली.

काचा काढल्या. धुराडं उतरवलं.
भिंतींना आतून तिरक्या फळ्या ठोकल्या,
घराखालून दोन ओंडके सारले.
कपाट मात्र म्हातारीनं रिकामं करू दिलं नाही.
फुटलं तर फुटलं, म्हणाली.
एका कपाचा कान गेला, बाकी सगळं पोचलं.

अकरा जोड्या बैल. पुढे बाउदिलिओची आरोळी.
घर आधी कण्हलं,
मग गुडघे धरून उठणाऱ्या माणसासारखं
एकदाचं सुटलं जमिनीपासून.
भरतीला दोन बोटींनी ते खाडीपार नेलं;
खिडक्यांपर्यंत पाणी, आणि पोटमाळ्यावर
कुणाचं तरी पोर, न विचारता चढलेलं, हात हलवत.

म्हातारी बोटीत घराकडे पाठ करून बसली होती.
बघत होती मागे उरलेला चौकोन:
फिकट माती, एक चमचा, मणी,
आणि चुलीच्या जागी
अंग मुडपून झोपलेला कुत्रा.
त्याला दोनदा पलीकडे नेला. दोनदा ओहोटीला परत गेला.

तिसऱ्या दिवशी आईनं पाव देऊन मला पाठवलं.
म्हातारीचे डोळे लाल.
भिंती जागेवर आहेत रे, म्हणाली,
अंधारात हात टाकला की काडेपेटी सापडते.
पण समुद्र या कानात आलाय.
उजव्या कानावर हात.
चव्वेचाळीस वर्षं डाव्या कानात होता.
उजवीकडे तेओफिलो.
आता लाट त्याच्या बाजूनं येते
आणि मला वाटतं, कूस बदलतोय;
मी सरकून जागा देते.

सोळा वर्षांच्या पोराला जे सुचतं ते मला सुचलं:
मग पलंग फिरवू.
फिरवला. उशाकडे पायथा, पायथ्याकडे उशी.
समुद्र डावीकडे आला.
काडेपेटी हरवली;
महिनाभर म्हातारी झोपेत भिंतीवर हात आपटत होती.
दोन्ही नाही मिळत, म्हणाली,
आणि बिनकानाच्या कपात मला चहा दिला.

घर फिरलं की वासे फिरतात म्हणतात.
वासे तसेच होते. मी हातानं चाचपून पाहिले.

कडा त्यानंतर एक बोटही खचला नाही.
हे तिला कुणी सांगितलं नाही. तिला ठाऊक होतं.

आता ती नाही. घरात तिची भाची राहते, पलंग विकला.
मी अजून जुन्या बाजूलाच गुरं चारतो.
चौकोनावर गवत आहे, आजूबाजूच्यापेक्षा दाट,
पण पायवाट तिथं अजून वळसा घालते,
नसलेल्या कोपऱ्याभोवती,
आणि गायीसुद्धा त्यावरून सरळ जात नाहीत.

तेओफिलो शेवटची दोन वर्षं
रस्त्याकडच्या खिडकीशी पडून होता.
तेव्हापासून गाव त्या वळणावर हळू बोलायचं.

माझी मुलगी नऊ वर्षांची.
तिनं तिथं घर पाहिलेलं नाही, खिडकीही नाही.
काल शाळेतून येताना काहीबाही सांगत होती,
शिक्षिकेचं, बेडकाचं, कुणाच्या तरी नव्या बुटांचं,
आणि वळण आलं तसा
तिचा आवाज खाली उतरला.

मी तिला कधी काही सांगितलेलं नाही.
पुढे चार पावलांवर
बेडूक पुन्हा मोठ्यानं सुरू झाला.